नामपूरवाली बोगद्यापाशी उभी आहे

वहिनी, तुझ्या दहाव्याला कावळा आला नाही.

रामकुंडावर एरवी कावळ्यांची काही कमी नसते. शेजारी ज्यांचा विधी चालला होता, त्यांच्या पानाला ठेवल्या ठेवल्या शिवला. ते लोक आवरून चहाला निघूनसुद्धा गेले. आपण उन्हात उभे. मग एकेकाने पुढे होऊन हात जोडायला सुरुवात केली. तुझी काय इच्छा राहिली असेल ते अंदाजाने बोलायचं आणि वर झाडाकडे बघायचं. दादा म्हणाला, तुझ्या आईवडिलांना मी काही कमी पडू देणार नाही. तुझी आई म्हणाली, जावईबापूंना आम्ही अंतर देणार नाही. मोठे काका म्हणाले, दिंडोरीच्या मळ्यात तुझ्या नावाने आंबा लावू. कावळे वर बसून होते, एकही खाली येईना. त्या गर्दीत मला भीती वाटली की आपल्याला हसू येणार. कारण हे अगदी आपल्या गेमसारखंच चाललं होतं. दार उघडत नाही म्हटल्यावर एकेक ऑप्शन दाबून बघायचा. बोल. पाणी घाल. काहीतरी ठेव. थांब.

हे फक्त तुला कळलं असतं, म्हणून तुला लिहितेय. मराठीत लिहितेय, कारण इंग्रजीत लिहिलं तर तू वाचणार नाहीस. एकोणसत्तर आणि एकोणऐंशीमध्ये माझा अजून गोंधळ होतो. त्यावरून तू मला सगळ्या डायलिसिस सेंटरसमोर ‘ओ इंग्लिश मीडियम’ म्हणून हाक मारायचीस.

मी सेंटरला तुझ्याबरोबर यायला लागले, त्यात प्रेमाचा भाग नव्हता. दादा विंचूरला नोकरीला, आईचे गुडघे दुखतात, आणि मी घरूनच काम करते. म्हणून मी. पहिल्या दिवशी मी तुझ्या खुर्चीशेजारी लॅपटॉप उघडून बसले, तो कामासाठी नव्हे. समोर उघडा लॅपटॉप असला की लोक आपल्याशी बोलत नाहीत, म्हणून. तू मात्र बोललीस. तुझ्या डाव्या हातात दोन सुया, नळ्यांमधून रक्त मशीनमध्ये जातंय आणि परत येतंय, आणि तू मान वाकडी करून माझ्या स्क्रीनकडे बघत म्हणालीस, “हे कोणाचं घर आहे?”

मी गेम लपवायला गेले, पण उशीर झाला होता. मी सांगितलं, कोणाचं नाही, मी बांधलंय. यात माणसं बनवायची, त्यांना घर बांधून द्यायचं, नोकरी लावायची, जेवण, झोप, मित्र सगळं सांभाळायचं. तू थोडा वेळ बघितलंस आणि विचारलंस, “म्हणजे आपण घरी करतो तेच?”

पुढच्या खेपेला तू तुझं माणूस बनवून घेतलंस. बुटकी, रुंद कपाळाची, डोक्यावर गवताची हॅट. नाव काय द्यायचं तर तुझ्या माहेरावरून नामपूरवाली. तिला मी घर द्यायला निघाले तर तू नको म्हणालीस, घर आहे की माझं, मागच्या चौकात. तिला बाहेर काढ.

तुझा डावा हात हलवायचा नाही, म्हणून उजव्या हातात माउस तुझा. माझा डावा हात कीबोर्डवर. मी कॅमेरा वळवायचे, तू क्लिक करायचीस. एका माणसाचं काम दोघींच्या एकेका हाताने चालायचं. सुरुवातीला नामपूरवाली भिंतींवर आपटायची, तलावात पडायची. नंतर आपण न बोलता चालायला लागलो. मला आयुष्यात कोणाबरोबरही न बोलता इतकं बोलता आलेलं नाही.

तू कधी घर बांधलं नाहीस. तुला गावं बघायची होती. समुद्राचं गाव, वाळवंटातलं गाव, डोंगरातलं गाव. नामपूरवालीचा भुकेचा पट्टा लाल व्हायचा, ती पोट धरून उभी राहायची, मी म्हणायचे वहिनी, तिला जेवू दे. तू म्हणायचीस, एका दिवसाने मरत नाही, ती कोपऱ्यावरची कमान काय आहे ते बघू दे आधी. रस्ता जिथे संपायचा तिथे मी परत फिरायचे. तू तिथे माझा कॅमेरा थांबवायचीस. “तठे काय शे?” तुझ्या माहेरची बोली तेवढ्यापुरती बाहेर यायची. “घर कधी पुढून बघायचं नाही. पुढून सगळी सारखीच. मागच्या बाजूला जा.”

आणि मागच्या बाजूला खरंच असायचं काहीतरी. मी तो गेम कॉलेजपासून खेळत होते आणि मला त्यातलं काही माहीत नव्हतं. समुद्राच्या गावात पुलाखाली बांधलेली होडी होती. तिच्यात बसून राहिलं तर पाऊस लागल्यावर ती आपोआप सुटते आणि नकाशात नसलेल्या एका बेटावर जाते. हे तू शोधलंस, कारण नामपूरवालीला होडीत बसवून तुला डुलकी लागली होती. जाग आल्यावर तुला वाटलं मी नेलं. मी म्हटलं, मी हात पण लावला नाही. शेजारच्या बेडवरच्या आजोबांना तू ते बेट दाखवलंस. त्यांनी विचारलं, इथे जागा काय भावाने? तू म्हणालीस, एनए व्हायची आहे अजून.

मी इंटरनेटवर बघू म्हटलं की तू चिडायचीस. तिथे सगळ्या लपलेल्या जागांची माहिती मिळते, दोन मिनिटांचं काम. तू म्हणायचीस, मला दोन मिनिटांचं काम नकोय, माझ्याकडे चार तास आहेत.

तुला पाणी मोजून होतं. आई सकाळी एक बाटली भरून ठेवायची, दिवसाची तेवढीच. तू घोट घेतलास की तिची नजर बाटलीवर जायची आणि ती हळूच म्हणायची, बास. तिच्या आवाजात राग नसायचा. तिला तू हवी होतीस, म्हणून ती म्हणायची. फ्रिजवर चिकटवलेला आहाराचा तक्ता तिने पाठ केला होता. बटाटा आधी भिजत घालायचा, उकडायचा, पाणी ओतून द्यायचं, मग भाजी. केळं नाही, शहाळं नाही, टोमॅटो जेमतेम. दिंडोरीहून द्राक्षांची पेटी आली की ती आधी शेजाऱ्यांना वाटून टाकायची, तुझ्या नजरेला नको म्हणून. मी हे सगळं बघत होते. माझ्याच आईला इतकं काटेकोर मी कधी पाहिलं नव्हतं.

डोंगराच्या गावातला बोगदा आपल्याला मागच्या पावसाळ्यात सापडला. गावाच्या अगदी टोकाला, लाकूडतोड्याच्या झोपडीमागे, फळ्या ठोकून बंद केलेला. त्यावर क्लिक केलं की एवढंच यायचं, अजून नाही. मग आपण कितीतरी खेपा त्यावर घालवल्या. कंदील लागतो हे कळलं. फळ्या काढायला हत्यार लागतं हे कळलं. तेही मिळवलं. तरी उघडेना. शेवटी तुझ्या लक्षात आलं की एकट्याने जाता येत नाही, बरोबर मैत्रीण लागते. म्हणून मी माझं माणूस बनवलं, तू त्याचं नाव ठेवलंस इंग्लिश मीडियम, आणि दोघींची मैत्री होईपर्यंत त्यांना चौकातल्या बाकावर गप्पा मारत बसवून ठेवलं. इंग्लिश मीडियमला मित्र जोडायला फार वेळ लागतो हे बघून तू नर्सला बोलावून दाखवलंस.

मग त्या दोघी कंदील घेऊन बोगद्यासमोर उभ्या राहिल्या, आणि क्लिक केल्यावर नवीन ऑप्शन आला. आत जा.

तू माउसवरून हात काढून घेतलास.

तू म्हणालीस, आत्ता नको. नंबर लागला की.

तुझ्या आईची किडनी जुळली नव्हती, दादाला शुगर निघाली होती. माझ्याबद्दल तू मला वाक्यही पूर्ण करू दिलं नव्हतंस. म्हणून तुझं नाव यादीत होतं, आणि आपण फोनची वाट बघत होतो. मला ते पटलं नाही. मी म्हटलं, त्याचा याच्याशी काय संबंध, दार उघडलंय, जाऊ या. तू म्हणालीस, सगळं आजच बघून टाकलं तर परवा काय बघायचं? मी म्हटलं, परवा दुसरं काहीतरी. तू म्हणालीस, हे शेवटचं आहे, मला कळतं. मी चिडले. मी फारशी कधी चिडत नाही, निदान आवाज करून नाही. मी म्हटलं, वहिनी, हा नवस आहे का? तू म्हणालीस, “असू दे की. माझ्याकडे ठेवायला दुसरं आहे काय?”

मग प्रत्येक खेपेला आपण इतर गावं फिरायचो आणि निघताना एकदा बोगद्यापाशी जाऊन यायचो. मी म्हणायचे, जायचं? तू म्हणायचीस, नंबर लागला की. शेवटी शेवटी ती मस्करी झाली होती. माझ्या बाजूने ती मस्करी नव्हती, हे तुला माहीत होतं.

फोन एकदा आला. तुला आठवतं, आपण सकाळी उपाशीपोटी तुला घेऊन गेलो, तपासण्या झाल्या, तू दोन नंबरवर होतीस. दुपारी त्यांनी सांगितलं, पहिल्या पेशंटला बसली, तुम्ही घरी जा. रिक्षात तू म्हणालीस, कोणाला तरी बसली ना. मग घरी येऊन तू त्या दिवसाची बाटली एका दमात पिऊन टाकलीस. आई बास म्हणाली नाही.

महाशिवरात्रीला मी पुण्याला होते, ऑफिसची मीटिंग होती. रात्रीच्या गाडीने आले तेव्हा तू झोपली होतीस. सकाळी आठला तू बाथरूमच्या दाराशी पडलीस. मी तुझा डावा हात धरला. सुया टोचायला केलेली तुझी ती शीर सतत थरथरायची, आठवतं? तू पहिल्यांदा माझी बोटं त्यावर ठेवून म्हणाली होतीस, हात लाव, मोटर चालू आहे. मी तिथेच बोटं ठेवली. मोटर बंद होती.

हॉस्पिटलमध्ये तरुण डॉक्टरीणबाईंनी आईला विचारलं, काल काय काय खाल्लं होतं यांनी? आई म्हणाली, “काहीच नाही हो. काल उपास होता तिला.”

बाईंनी पुढे विचारलं नाही, त्यांना आत बोलावलं. नंतर कॉरिडॉरमध्ये आई माझ्याशी बोलत राहिली, थांबेच ना. सून पहिल्यांदा आपण होऊन म्हणाली, आई, मला शिवरात्र करायची आहे, नंबर लागावा म्हणून. मग मी म्हटलं, पोटात काही नको का? थोडा रताळ्याचा कीस केला. बटाट्याची भाजी केली उपासाची. दोन केळी, खजूर, थोडे दाणे. किती दिवसांनी मनापासून जेवली गं. पण उपासच होता. खाणं असं काही नाही.

मी आईकडे बघत राहिले. रोज बटाट्याचं पाणी ओतून देणारी बाई. फ्रिजवरचा तक्ता जेवणाचा होता, आणि उपास म्हणजे जेवण नव्हेच. तिच्या मनात या दोन गोष्टी कधी शेजारी आल्याच नाहीत. कशा येतील? आपल्या घरात उपासाच्या ताटाला कोणी खाणं म्हणत नाही.

पण वहिनी, तुझ्या मनात त्या शेजारी आल्या होत्या. सेंटरमधल्या टेक्निशियनने एकादशीच्या आधी सगळ्या खुर्च्यांवर फिरून सांगितलं होतं, रताळं, केळं, बटाटा विष समजा, रक्तातलं पोटॅशियम वाढलं की हृदय बंद पडतं. तू तेव्हा जागी होतीस. तू त्याला म्हणालीही होतीस, मग भगर तरी ठेवा आमच्यासाठी.

तर मग तू का खाल्लंस? हे मला तुला विचारायचंय. बाकी काही नाही. नवसासाठी खाल्लंस? की आईने इतक्या हौसेने वाढलं म्हणून तुला नाही म्हणवलं नाही? की साधं, तुला रताळं आवडायचं म्हणून? दोन वर्षं तुझ्या ताटातून एकेक गोष्ट कमी होत गेली आणि त्या दिवशी ताट भरून समोर आलं. मी प्रत्येक उत्तर मनात म्हणून बघते. एकेका उत्तराचा मला वेगळा राग येतो. तिसऱ्याचा सगळ्यात कमी येतो.

परत रामकुंडावर येते. काकांच्या आंब्यालाही कावळा आला नाही, तेव्हा आई पुढे झाली. तिने पिशवीतून स्टीलचा डबा काढला. मी पाठीमागे होते, डबा उघडायच्या आधीच मला वास आला. रताळ्याचा कीस, तूप-जिऱ्याचा. शेजारी केळं ठेवलं. गुरुजींना म्हणाली, हे तिने शेवटचं पोटभर खाल्लं होतं. पानावर तेच ताट पुन्हा मांडलं गेलं. सगळे वर बघायला लागले. मी खाली बघत होते. मला काय हवं होतं ते सांगते. तो कावळा येऊन त्या किसाला शिवू नये, एवढंच मला हवं होतं.

तो आला नाही. मग आई हात जोडून झाडाकडे न बघता पानाकडेच बघून म्हणाली, “माझं काही चुकलं का गं, बाळा?”

आई मागे वळली आणि तिने मला धरलं. मला म्हणाली, तू कायम तिच्याजवळ असायचीस, तिला काय हवं होतं, तू सांग. सगळ्यांच्या माना माझ्याकडे. तुला माहीत आहे मी अशा वेळी काय करते. मी लॅपटॉप उघडते. तिथे लॅपटॉप नव्हता.

मी पुढे झाले. मी म्हटलं, “वहिनी, बोगद्याचं राहिलंय. ते मी करते.”

काका म्हणाले, कसला बोगदा? चुलतभावाने हळूच सांगितलं, गेम आहे काका, लॅपटॉपवरचा. मागून कोणीतरी च्च केलं. मला कळतं, ते हसण्यासारखंच होतं. पण आईने माझा हात सोडला आणि डोळे पुसले. तिचा प्रश्न कोणीतरी उचलून दुसरीकडे ठेवला होता. मी ते तुझ्यासाठी बोलले की तिच्यासाठी, मला नक्की सांगता येणार नाही. तुला ते चाललं असतं असं धरून चालते.

कावळा त्यालाही आला नाही. ऊन चढलं, गुरुजींना पुढचे लोक होते. त्यांनी दर्भाचा कावळा करून पानाला शिववला आणि म्हणाले, होतं असं कधी कधी, मनाला लावून घेऊ नका.

काल दुपारी आईने विचारलं, बोगदा कसला म्हणत होतीस? मी जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप ठेवला. त्या दोघी तिथेच होत्या, फळ्यांसमोर, कंदील घेऊन. आई चष्मा लावून म्हणाली, ही आपली. हॅट काय घातलीय. आणि ही दुसरी कोण? मी म्हटलं, मी. ती म्हणाली, जरा बारीक केलीय तुला.

माझा डावा हात कीबोर्डवर गेला. उजवा जाईना. माउस तुझ्या बाजूला होता. मग आई खुर्ची ओढून माझ्या उजवीकडे आली आणि तिने माउस धरला, उडून जाईल असा घट्ट. किती जोरात दाबायचं, तिने विचारलं. हळूच, मी म्हटलं.

आत काय होतं ते लिहीत नाही. आधी सांगितलेलं तुला आवडत नाही. पाणी होतं, तेवढं सांगते. आई बराच वेळ त्या पाण्याकडे बघत होती. मग तिने विचारलं, इथे पिऊ देतात का?

“हो.”

“कितीही?”

“कितीही.”

“मग पाज तिला. आणि बास म्हणू नकोस.”

नामपूरवाली गुडघे टेकून ओंजळीने प्यायला लागली. गेममध्ये ते फार वेळ चालत नाही, दोन-चार ओंजळी आणि ती उठते. उठली की आई परत दाबायची. मी मोजलं नाही. कुकरची शिट्टी झाली तरी आई उठली नाही.

बंद करताना गेमने विचारलं, सेव्ह करायचं का? मी ‘नाही’वर क्लिक केलं. आई म्हणाली, म्हणजे काय झालं? मी सांगितलं, आता उघडलं की त्या परत बाहेरच उभ्या असतील, बोगदा बंद.

“म्हणजे आपण गेलोच नाही?”

“आपण गेलो. ती नाही गेली अजून. तिला नंबर लागल्यावर जायचं होतं.”

आई उठून गॅस बंद करून आली आणि दारातूनच म्हणाली, बरं, मग उद्या परत नेऊ तिला.

मी हो म्हटलं. त्या उपासाच्या ताटाचं मी तिला सांगितलेलं नाही आणि सांगणारही नाही. तूही सांगितलं नसतंस. बाकी आपली सगळी भांडणं तशीच राहिली आहेत, वहिनी. या एकावर आपलं भांडण नाही.